लकडी पुलावरच्या आजी

गुरुवार, रात्री

खडकवासला धरणातून पाणी सोडलंय. भिडे पूल बुडाला आणि संध्याकाळी सगळी गर्दी लकडी पुलाच्या कठड्याशी. जो तो मोबाइल वर धरून शूटिंग करतोय. मला पुराचं पाणी बघवत नाही. मान खाली घालून निघाले होते, तेवढ्यात एक आजी म्हणाल्या, "हात धरतेस का गं? डेक्कनला जायचंय. पाणी चढलं की एकटीनं हा पूल ओलांडवत नाही."

सत्तरी उलटलेली, पण पकड घट्ट. चालता चालता आपणहून सांगू लागल्या. 12 जुलै 1961. पानशेत धरण फुटलं तेव्हा त्या तिसरीत होत्या. घर शनिवार पेठेत, नदीच्या अंगाला. आईनं भिजवलेली कणीक परातीतच राहिली. पळापळीत कुणीतरी त्यांना खांद्यावर घेतलं, पर्वतीच्या पायऱ्यांशी उतरवलं आणि तो माणूस तसाच माघारी गेला. "चेहरा नाही आठवत. सदऱ्याला तंबाखूचा वास होता, तेवढा आठवतो." पुढं गोखलेनगरच्या निसेन हटमध्ये, म्हणजे अर्धगोल छपराच्या घरात, संसार.

"तुझं गाव?"

"सांगली."

आजी थांबल्याच. 2019चा पूर त्यांना सांगावा लागला नाही. पाणी किती चढलं, हे सगळेच विचारतात. आयर्विन पुलापाशी कृष्णा 57 फुटांच्या वर, हे उत्तर मला पाठ आहे. आजींनी विचारलं, "कपाट उघडलं का नंतर?"

आमचं लाकडी कपाट पाण्यानं फुगून बसलं होतं. बाबांनी पहार घालून दार काढलं. आत त्यांच्या लग्नाचा अल्बम, पानाला पान चिकटलेलं. ऊन पडल्यावर बाबा गच्चीत ब्लेड घेऊन एकेक फोटो सोडवत बसले. रंग सुटून चेहरे समोरच्या पानावर जात होते. हे मी पुण्यात कुणालाच सांगितलं नव्हतं. आज डेक्कनच्या स्टॉपवर, हॉर्नच्या कलकलाटात, सगळं सांगून टाकलं. रडलेही. आजींनी हात सोडला नाही.

"काही वाचले का?"

"थोडे."

"आमचा एकही नाही. जप हो ते."

बस आली, आजी चढल्या. नाव विचारायचं राहून गेलं.

घरी आल्या आल्या बाबांना फोन लावला. ते फोटो कुठं आहेत?

"लॉकरमध्ये, आईच्या पाटल्यांखाली," बाबा म्हणाले. मग बोलतच राहिले. कुठल्या फोटोत कोण उभं होतं, कुणाचा चेहरा गेला. मी वहीत नावं उतरवून घेतली. मामाकडच्या लोकांची राहिलीत, ती रविवारी.