अमॉक्सिक्लॅव्हचा कोर्स आणि पोट सांभाळणं: माझा अनुभव

सायनसच्या जिवाणूसंसर्गासाठी मला अमॉक्सिक्लॅव्ह, म्हणजे अमॉक्सिसिलिन आणि क्लॅव्ह्युलॅनिक ॲसिडची, ६२५ मिलिग्रॅमची गोळी होती, दर आठ तासांनी एक. यात ५०० मिलिग्रॅम अमॉक्सिसिलिन जिवाणूची भिंत बांधू देत नाही. १२५ मिलिग्रॅम क्लॅव्ह्युलॅनिक ॲसिड जिवाणूचं औषध तोडणारं एन्झाइम अडवतं. पोट बिघडवण्यात या दुसऱ्याचाच हात मोठा. त्यामुळे ६२५ संपली म्हणून ३७५ च्या (२५० अमॉक्सिसिलिन, १२५ क्लॅव्ह्युलॅनिक ॲसिड) दोन घेणं चूक: अमॉक्सिसिलिन तेवढंच राहतं, क्लॅव्ह्युलॅनिक ॲसिड दुप्पट होतं.

गोळी मी जेवण सुरू करतानाच घ्यायचे. मळमळ कमी होते आणि क्लॅव्ह्युलॅनिक ॲसिड शोषलंही नीट जातं. एखादी राहिली तर आठवताच घ्यावी. पुढचीची वेळ जवळ आली असेल तर सोडून द्यावी, दोन एकदम नकोत. दूध बंद करायला बरेच जण सांगतात. या गोळीला त्याची गरज नाही. डॉक्सिसायक्लिन किंवा सिप्रोफ्लॉक्सासिन ही दुसरी अँटिबायोटिक्स असतील तर मात्र दूध, कॅल्शियम, लोह आणि ॲन्टासिड लांब ठेवावं, कारण औषध त्यांना चिकटून शोषणाविनाच बाहेर पडतं. डॉक्सिसायक्लिन तर ग्लासभर पाण्याबरोबर घेऊन अर्धा तास आडवं होऊ नये; गोळी अन्ननलिकेत अडकली तर तिथे जखम होते.

शौचाला पातळ होणं अपेक्षितच, कारण आतड्यातले उपयोगी जिवाणूही मरतात. दिवसात एकदोनदा झालं तर मी फक्त ओआरएस घेत असे. पण तीन किंवा जास्त वेळा पाण्यासारखे जुलाब, सोबत ताप, पोटात कळा किंवा रक्त असेल, तर क्लॉस्ट्रिडियॉइडिस डिफिसिल या जंतूची तपासणी लागू शकते. तिथे जुलाब थांबवणारी गोळी मनाने घेऊ नये. जंतूचं विष आतच कोंडतं. असे जुलाब कोर्स संपल्यावर काही आठवड्यांनीही उद्भवतात.

तोंडात पांढरे चट्टे किंवा योनीमार्गात खाज आली तर ती बहुधा बुरशी, उपचाराने जाते. अंगावर गांधी उठून ओठ सुजले, श्वास लागला, तर पुढची गोळी न घेता थेट इस्पितळ गाठायचं.

या औषधाची आणखी एक खोड म्हणजे यकृत. क्वचितच, पण कोर्सनंतर काही आठवड्यांनी कावीळ दिसू शकते. डोळे पिवळे, लघवी गडद, अंगाला खाज असेल तर डॉक्टरांना या गोळीचं नाव आणि तारखा सांगाव्यात. मी रिकामी पाकिटं त्यासाठीच ठेवली होती.