मोरचुदी रंगाचा पाहुणा

पंगोटला तो पक्षी पहिल्यांदा दिसला तेव्हा बाबा बरोबर नव्हते. तिकीट त्यांचंही काढलेलं होतं, पण निघायच्या आठवडाभर आधी गुडघा सुजला आणि आई नि मी दोघीच काठगोदामला उतरून नैनितालमार्गे वर गेलो. मे महिना होता. रस्त्याकडेच्या दरडीत शेवाळाने मढलेली एक खोबण होती, तिथे मादीची ये-जा चालली होती आणि नर वरच्या तारेवर बसून गात होता. वरून खाली घरंगळत येणारे भराभर सूर. संध्याकाळी बाबांना फोनवर सांगायला गेले आणि रंगापाशी अडले. निळा म्हणावं तर हिरवट, हिरवा म्हणावं तर निळाच. शेवटी म्हटलं, "मोरचूद, बाबा. मोरचुदासारखा."

"कळलं," ते म्हणाले. पण त्यांनी तो बघितला नव्हता, हे माझ्या मनातून गेलं नाही.

व्हर्डिटर फ्लायकॅचर. पक्षी बघणारे नुसतं 'व्हर्डिटर' म्हणतात. चिमणीएवढा जीव, वजन वीस ग्रॅमच्या आसपास. व्हर्डिटर हे तांब्यापासून करत असत त्या एका जुन्या रंगाचं नाव, आणि मोरचूदही तांब्याचंच, म्हणजे माझी उपमा फार लांब गेली नव्हती. आजीचं ताम्हण चिंचेने घासायचं राहिलं की कडेला जी झाक धरायची, तीही याच घरातली. 1838 साली स्वेन्सन या निसर्ग-अभ्यासकाने त्याला शास्त्रीय नाव दिलं त्यात थॅलासिनस आहे, म्हणजे समुद्राच्या हिरवट रंगाचा. डोंगरातल्या पाखराला समुद्राचं नाव! मला ते फार आवडतं, कारण हा उन्हाळ्यात हिमालयात पिल्लं वाढवतो आणि थंडीत त्यातले काही जण थेट आपल्या सह्याद्रीपर्यंत उतरतात. बोरिवलीच्या नॅशनल पार्कातही येतात.

म्हणून जानेवारीतल्या एका रविवारी बाबांना घेऊन पार्ल्याहून पहाटेची स्लो लोकल पकडली. रविवार असल्याने बसायला जागा मिळाली. बोरिवली पूर्वेला रिक्षा, मग गेट, मग आत सावकाश चालणं. (सोमवारी पार्क बंद असतो, जाणार असाल तर लक्षात ठेवा.) कान्हेरीला जाणाऱ्या रस्त्याने अर्धा तास गेलो असू. हवेत ओल्या पाचोळ्याचा वास होता. टकाचोर ओरडत होता, एक भृंगराज शेपटीच्या दोन पिसांसकट रस्ता ओलांडून गेला. बाबा दर थोड्या वेळाने थांबत आणि मी थांबायला काही तरी कारण शोधत असे.

दहिसर नदीच्या कडेला एका दगडावर त्यांना बसवलं. तुळशी तलावाकडून येणारी ही नदी त्या दिवसांत डबक्या-डबक्यांतूनच उरलेली असते. पलीकडे पानं झडलेली एक उंच सावर होती. व्हर्डिटरला असाच उघडा शेंडा लागतो. तिथून किडा दिसला की झेप, हवेतच पकड, आणि बहुधा परत त्याच जागी.

पाऊण तासाने शेंड्यावर काही तरी येऊन बसलं. दुर्बीण बाबांच्या हातात दिली. खूप वेळ बघून म्हणाले, "अगं, हा तर राखाडी आहे."

खरंच राखाडी दिसत होता. ऊन अजून टेकडीमागे होतं आणि त्याच्या पाठीशी नुसतं पांढरं आभाळ. मग मी त्यांना जमेल तसं सांगितलं, की पिसातला निळा हा रंगद्रव्याचा नसतो. पिसाच्या आत इतके सूक्ष्म हवेचे कप्पे असतात की प्रकाश त्यांवर आदळून निळा तेवढा मागे फिरतो. पीस कुटलं तर निळा उरत नाही. नाव तांब्याच्या रंगाचं, पण त्या निळ्यात तांबं नाही, रंगद्रव्यही नाही.

"मग थांबू या," बाबा म्हणाले.

तेवढ्यात मागून मोबाइलवर व्हर्डिटरचा आवाज वाजायला लागला. कॅमेरेवाले दोघे होते, पक्षी खाली यावा म्हणून वाजवत होते. मला राहवलं नाही. उठून गेले आणि म्हटलं, दादा, बंद करा. एवढ्याशा पाखराला दिवसभर किडे पकडून अंगावर चरबी धरायची आहे, मग हजारावर किलोमीटर उडून परत जायचं आहे. त्याला खोट्या प्रतिस्पर्ध्यामागे का धावायला लावायचं? त्यांनी बंद केलं, आणि नंतर आमच्याबरोबरच गुपचूप उभे राहिले.

ऊन आधी सावरीच्या शेंड्याला लागलं, मग फांद्यांना. पक्षी तिथेच होता. त्याने मान वळवली आणि तो पेटला. डोक्यापासून शेपटीपर्यंत एकच रंग, फक्त चोच आणि डोळा यांच्यामध्ये काळा ठिपका. म्हणजे नर. बाबा बोलले नाहीत. दुर्बिणीखाली त्यांचे ओठ हलत होते. मला वाटलं काही पुटपुटताहेत, पण ते मोजत होते. अकरा झेपा, त्यातल्या आठ वेळा परत त्याच फांदीवर.

परतताना नदीकाठी डबा उघडला. त्यांनी आईला फोन लावला.

"बघितला गं. मोरचूद नव्हे, मोरचूद फार गडद," ते तिला सांगत होते. "माझ्या शाळेची दौत आठवते का, मी दाखवली होती? पाणी घालून घालून शेवटी जी शाई उरायची ना, तसा."

मग फोनवर हात ठेवून मला विचारलं, "मार्चपर्यंत असतो म्हणालीस ना?"