सिंगापूर नदीकाठी पायी पायी: हमाल ब्राँझचे, गोदामं बिअरची

सिंगापूरला जाणारे आपले लोक साधारण एकच यादी घेऊन जातात. युनिव्हर्सल, सेंतोसा, मुस्तफा, आणि मर्लायनच्या तोंडातलं पाणी आपल्या तोंडात पडतंय असा फोटो. आम्हीही ते सगळं केलं, मजा आली, तक्रार नाही. पण एक सकाळ मी हट्टाने नदीसाठी राखून ठेवली होती, गाईडबरोबर चालत फिरायचं, सिंगापूर वसवणारा इंग्रज रॅफल्स उतरला तिथपासून क्लार्क कीपर्यंत (की म्हणजे धक्का). अंतर फार नाही, अख्खी नदीच तीन-सव्वातीन किलोमीटरची, पण तिथल्या उन्हात आणि दमटपणात ते दुप्पट वाटतं.

सोबत माझी आत्या. तिने जन्मभर शाळेत इतिहास शिकवला आणि रिटायर झाल्यावरही ते थांबलेलं नाही. गाईड म्हणजे सत्तरीकडे झुकलेले एक चिनी गृहस्थ, तिकडे त्या वयाच्या माणसाला सगळे अंकल म्हणतात म्हणून आमचेही ते अंकल. टूरमध्ये दोन ऑस्ट्रेलियन जोडपी होती, एक एकटा जर्मन मुलगा होता आणि आम्ही दोघी.

सुरुवात रॅफल्सच्या पांढऱ्या पुतळ्यापासून. जानेवारी १८१९मध्ये ईस्ट इंडिया कंपनीचा हा माणूस साधारण या जागी किनाऱ्याला लागला असं मानतात. हाताची घडी, मान ताठ, मागे काचेचे टॉवर, फोटोसाठी इथे कायम गर्दी. अंकलनी सांगितलं की २०१९ला दोनशे वर्षं झाली तेव्हा त्याच्या बाजूला आणखी चार पुतळे उभे केले होते, त्यात एक नारायण पिल्लेंचा. रॅफल्सबरोबर पेनांगहून आलेले, इथे विटांची भट्टी काढलेले, आणि सिंगापूरचं सगळ्यात जुनं हिंदू देऊळ म्हणजे श्री मारिअम्मन ज्यांच्यामुळे उभं राहिलं ते हे पिल्ले. म्हणजे पहिल्याच वर्षी आपला माणूस इथे होता.

तिथून एका मिनिटावर एक टोकदार दगडी स्तंभ आहे. लोक त्याला टेकून पाणी पितात आणि पुढे जातात. अंकल म्हणाले हा डलहौसी ओबेलिस्क, आणि आत्या थांबलीच. "तोच ना गं हा, साताऱ्याचं राज्य खालसा केलं तो?" तोच. १८४८ला सातारा घशात घालून १८५०च्या फेब्रुवारीत साहेब इकडे आले होते, कारण तेव्हा सिंगापूरचा कारभार कलकत्त्याहून चालायचा, तो थेट १८६७पर्यंत. त्या भेटीची आठवण म्हणून हा स्तंभ, वर चार भाषांत लिहिलंय, इंग्लिश, चिनी, तमिळ आणि अरबी लिपीतली मलय, आणि मजकूर काय तर व्यापारावरची बंधनं काढली की कसं सगळ्यांचं भलं होतं. आत्याने तो पूर्ण वाचला, चष्मा पुसून परत वाचला, आणि अंकलना डॉक्ट्रिन ऑफ लॅप्स, म्हणजे दत्तक वारस नामंजूर करून राज्य खालसा करायचं धोरण, समजावून सांगितली. टूर तिथे दहा मिनिटं अडकली, जर्मन मुलाने चक्क नोट्स घेतल्या.

पुढे कॅव्हेनाह ब्रिज. मला अख्ख्या टूरमध्ये सगळ्यात आवडलेली गोष्ट कुठली तर हा पूल. १८६९चा, लोखंड ग्लासगोहून आलेलं, आता फक्त चालणाऱ्यांसाठी. पण दोन्ही टोकांना अजून जुनी पाटी आहे की ३ हंड्रेडवेटपेक्षा जड, म्हणजे दीडशे किलोच्या वरची, कुठलीही गाडी आणि सगळी गुरं-घोडे यांना मनाई. १९१०ला शेजारी अँडरसन ब्रिज झाला तेव्हा जड वाहतूक तिकडे वळवली. पूल बांधताना अजून एक घोळ झाला होता, तो इतका खाली बांधला की भरतीच्या वेळी पडाव, म्हणजे मालाच्या होड्या, खालून जाईनात, मग माल भरलेले पडाव पाणी उतरायची वाट बघत थांबायचे. आणि पूल बांधला कोणी? हिंदुस्थानातून काळं पाणी म्हणून पाठवलेल्या कैद्यांनी. १८२५पासून अशा कैद्यांना इकडे आणत होते, रस्ते, पूल, चर्च, गव्हर्नरचा बंगला, बरंचसं जुनं सिंगापूर त्यांच्याच हातचं, आणि १८७३ला इथला कैदखाना बंद झाल्यावर उरलेल्यांना अंदमानला हलवलं. पुलावर नाव मात्र गव्हर्नर कॅव्हेनाहचं. या कैद्यांचा पुतळा काही मला वाटेत दिसला नाही, आणि पुतळ्यांची तर तिथे अजिबात कमी नाही.

पुतळ्यांचं सांगते. नदीच्या दोन्ही काठांना जुन्या माणसांचे ब्राँझचे पुतळे आहेत, चौथऱ्यावर नाही, सरळ फुटपाथवर माणसाच्या उंचीचे, त्यामुळे घाईत चालताना खरंच कोणी उभं आहे असं वाटतं. एक चेट्टियार सावकार, पुढ्यात बैठं मेज. एक स्कॉटिश व्यापारी आहे, त्याच्याबरोबर चिनी शेठ आणि मलय मुखिया काहीतरी सौदा करतायत आणि बाजूला हमाल माल लादतायत. पुलाजवळ पाच नागडी पोरं नदीत उड्या मारतायत, एक तर अर्ध्या हवेत आहे. अंकल त्या पोरांपाशी आले आणि एकदम खुलले, म्हणाले आम्हीपण असेच मारायचो आणि घरी गेल्यावर वासावरून आईला बरोबर कळायचं.

वास हा इथला खरा विषय. त्याशिवाय बाकीचं कळतच नाही.

झालं असं की १८२२ला दक्षिण काठावरच्या दलदलीत जवळची टेकडी फोडून भराव घातला आणि बोट की तयार झाला. मोठी जहाजं बाहेर समुद्रात उभी राहायची, पडाव माल घेऊन आत यायचे. पडावांच्या नाळेवर दोन डोळे रंगवलेले असायचे, वाट दिसावी म्हणून. धक्क्यापासून पडावापर्यंत हातभर रुंदीची फळी टाकायची आणि हमाल पाठीवर गोणी घेऊन तिच्यावरून ये-जा करायचे, तांदूळ, रबर, मिरी, कॉफी. १८६०च्या दशकात सिंगापूरच्या एकूण व्यापारातला पाऊण हिस्सा या एवढ्याशा वळणावर होत होता. वळणाचा आकार चिनी लोकांना माशाच्या पोटासारखा वाटायचा, म्हणजे बरकतीचा, त्यामुळे दुकानं तिथेच एकमेकांना चिकटून उभी राहिली, खाली पेढी नि गोदाम, वर बिऱ्हाड, पुढे पाच फुटी पडवी.

आणि हे सगळं शंभर-दीडशे वर्षं त्याच पाण्यात मिसळत राहिलं. पडावांचं तेल, फेरीवाल्यांचं खरकटं, गटारं नसलेल्या झोपड्या, शिवाय पाणलोटातले डुकरांचे आणि बदकांचे गोठे. पाणी काळं होतं म्हणे आणि त्यात काही जगत नव्हतं. १९७७ला तेव्हाचे पंतप्रधान ली कुआन यू यांनी जाहीर सांगितलं की दहा वर्षांत या नदीत मासे पकडता आले पाहिजेत. १९८७ला काम पूर्ण झालं. सुमारे १७ कोटी सिंगापूर डॉलर लागले, विस्थापितांची भरपाई वेगळी.

इथे मला अंकलचं कौतुक वाटलं, कारण ते "आमचं सरकार बघा" छापाचं भाषण देऊन मोकळे होऊ शकले असते. ते म्हणाले, नदी साफ करणं सोपं होतं हो, गाळ उपसला की झालं, पण आधी नदीवर पोट असलेल्यांना उचलायचं होतं. हजारो कुटुंबं सरकारी फ्लॅट्समध्ये गेली. फेरीवाल्यांना नळ, ड्रेनेज असलेली पक्की सेंटर्स बांधून दिली. डुकरांचे गोठे बंदच करून टाकले. आणि १९८३ला आठशेच्या आसपास पडाव इथून हलवून पासिर पांजांगला नेले. पडाववाले खूश नव्हते, तिकडे समुद्र उघडा, लाटांचा मार. पण १९७२पासून कंटेनर पोर्ट सुरू झालेलं होतं, त्यांचा धंदा तसाही संपतच आला होता. अंकलचे वडील इथल्याच एका गोदामात माल मोजायला होते. ते पासिर पांजांगला गेले नाहीत, एका सोसायटीत वॉचमन झाले. हे अंकलनी एका वाक्यात सांगितलं आणि लगेच बोट करून समोरची फुलर्टन बिल्डिंग दाखवली, १९२८ची, आधी जनरल पोस्ट ऑफिस, २००१पासून हॉटेल.

आत्याचा प्रश्न नेहमीप्रमाणे सरळ. "मग नदी रिकामी झाल्यावर धक्क्याचं काय केलं?" काही वर्षं काहीच नाही. निम्मी दुकानं ओस, छपरं गळकी, आणि जमिनीचा भाव असा की पाडून टॉवर बांधायचा मोह कोणालाही व्हावा. १९८९ला बोट की संरक्षित म्हणून जाहीर झाला, पाडायचं नाही, पुढचा भाग, छप्पर, लाकडी खिडक्या जपायच्या, आत हवं ते करा. आणि हवं ते म्हणजे काय तर बार आणि रेस्टॉरंट.

सकाळी साडेनऊ-दहाला बोट कीवर चालणं हा प्रकार मला फार आवडला, संध्याकाळी तिथे हातात मेन्यूकार्ड घेऊन लोक मागे लागतात. सकाळी सगळं बंद, खुर्च्या टेबलांवर उलट्या, जमीन नुकती धुतलेली, आणि मागे २८० मीटरचा बँकेचा टॉवर त्या दोन-तीन मजली रंगीत घरांच्या डोक्यावर आल्यासारखा. एका दारासमोर टेम्पोतून बिअरचे पिंप उतरवत होते. दोघं जण, तमिळमध्ये बोलत होते. फळी टाकलेली, पिंप तिरका करून कडेवर लोळवत खाली आणायचा, ट्रॉलीवर, आत. ऑस्ट्रेलियन बाई मागे वळून हमालांच्या पुतळ्याबद्दल अंकलना काहीतरी विचारत होती आणि तिच्या दोन हातांवर हे चाललेलं. मी अंकलकडे बघितलं, त्यांनी पण ते बघितलेलं होतं. म्हणाले, माल अजून येतो, फक्त नदीकडून येत नाही.

मला कोणावर टीका करायची नाहीये हां. ती फळी रोमँटिक नव्हती, पाठी मोडायच्या, अफू ओढून झोपायचे ते लोक. नदी घाण ठेवून "जुनं वातावरण" जपा असं म्हणणारे बहुतेक तिथे राहत नसतात. पण ब्राँझचा हमाल इतका देखणा, पिळदार केलाय की त्याला बघून घाम आठवत नाही, हे मला खटकलं ते खटकलंच.

एल्गिन ब्रिजखालून पलीकडे गेलो. इथला १८६०च्या दशकातला लोखंडी पूल कलकत्त्याहून आणलेला, म्हणून आत्याने पुन्हा कलकत्ता काढलं. पूल आता १९२९चा काँक्रीटचा आहे, दिव्यांच्या खांबांवर ब्राँझचे सिंह.

क्लार्क की बद्दल थोडक्यात: नाही आवडलं. गोदामं खरी आहेत, १९९३ला सुरू झालं, आणि २००६च्या सुमारास गल्ल्यांवर ती भलीमोठी पारदर्शक छत्र्यांसारखी छतं आली, उन्हापावसासाठी उपयोगी आहेत हे मान्य. पण रंग बघून कळेना की जुनं कुठलं आणि सेट कुठला. ऑस्ट्रेलियन मंडळींना तेच सगळ्यात आवडलं, त्यामुळे ज्याची त्याची आवड.

तिथल्या रीड ब्रिजवर, १८८९चा तो, अंकलनी शेवटची गोष्ट सांगितली. संध्याकाळी काम सुटलं की हमाल आणि पडाववाले या पुलावर जमायचे आणि कथेकरी बसायचे. चिनी जुन्या लढायांच्या कथा, त्यांच्याच बोलीत. कथेकरी आधी उदबत्ती लावायचा. उदबत्ती विझली की कथा तिथेच थांबायची, नेमकी तलवार उपसलेली असताना, मग डबा फिरायचा, पैसे पडले की नवी उदबत्ती. आत्या म्हणाली कीर्तनातपण आरतीचं ताट असंच बरोबर वेळेला फिरतं, आणि मला तिला हे इंग्लिशमध्ये सांग म्हणून मागे लागली. कीर्तन इंग्लिशमध्ये सांगणं हा वेगळा लेख आहे.

खाली पाणी हिरवट, शांत. ही नदी आता नदी राहिलेलीच नाही तशी. २००८ला मुखावर मरिना बराज नावाचा बंधारा बांधला, त्यामुळे भरती-ओहोटी आत येत नाही, आणि ज्या पाण्याच्या वासाने आईला पोरगं कुठे गेलं होतं ते कळायचं ते आता गोड्या पाण्याच्या जलाशयाचा भाग आहे, शुद्ध करून नळाला येतं. पाणमांजरंही परत आलीत म्हणे, आम्हाला दिसली नाहीत.

टूर संपली तेव्हा साडेबारा झालेले. ऑस्ट्रेलियन क्लार्क कीलाच बसले. अंकल आम्हाला म्हणाले तिथे बसू नका, आणि चालत हाँग लिम फूड सेंटरला घेऊन गेले, जवळच्या रस्त्यांवरच्या फेरीवाल्यांसाठी ते बांधलेलं. खच्चून भरलेलं, ऑफिसातले लोक गळ्यात आयडी कार्ड घालून रांगेत, टेबलावर टिश्यूचं पाकीट ठेवलं की जागा पकडली असा तिथला नियम. आत्याला शाकाहारी शोधायला वेळ लागला पण टोफू-भाताचं काम झालं. तुम्ही जाणार असाल तर सकाळचीच टूर घ्या, उन्हासाठी टोपी ठेवा, आणि हाँग लिमला एकच्या आत पोचा, तिथले बरेच स्टॉल दुपारनंतर आवरायला लागतात.