क्लस्टरच्या यादीतून कोण गळतं?

ठाण्यातल्या किसननगर, वागळे इस्टेट भागात क्लस्टरचा, म्हणजे जुन्या इमारतींचा अख्खा पट्टा एकत्र पाडून नव्याने बांधण्याचा, विषय निघाला की पहिला प्रश्न ठरलेला: घर किती फुटांचं मिळणार? त्याआधीचा काळ, म्हणजे घोषणा झाल्यापासून इमारत पडेपर्यंतचा, खरा घात करतो. अमेरिकेत तेच झालं.

तिकडच्या १९४९ च्या गृहनिर्माण कायद्यात शहराची यंत्रणा वस्ती मोडकळीला आली म्हणून ठरवायची, सक्तीने ताब्यात घ्यायची, पाडायची आणि मोकळी जमीन बिल्डरला पडत्या भावात विकायची. त्यातला साधारण दोन तृतीयांश तोटा केंद्र सरकार सोसायचं, बाकीचा शहर. जमिनीचा हिशेब एवढा चोख! उठवलेल्यांना परवडणारं, राहण्याजोगं घर मिळावं हेही कायद्यात होतं. पण सामान हलवायच्या खर्चाची तरतूद आली १९५६ साली, तीही कुटुंबामागे फार तर १०० डॉलर.

बॉस्टनच्या वेस्ट एंड वस्तीचा असा आराखडा १९५३ मध्ये जाहीर झाला, ताबा घेतला १९५८ मध्ये. पाडायच्याच घरावर मालक पैसा कशाला घालतील? १९५० मध्ये तिथे सुमारे १२,००० लोक होते, ताब्याच्या सुमारास उरले ७,०००. आधीच निघून गेलेल्यांचं पुनर्वसन कोण करणार?

आपल्याकडे 'आता क्लस्टर येतंयच' म्हणून सोसायटी गच्चीचं वॉटरप्रूफिंग पुढे ढकलते. पाणी झिरपतं, सळई गंजून फुगते, काँक्रीटचे पापुद्रे सुटतात. मग इमारत सी-१, म्हणजे अतिधोकादायक यादीत गेली की घर सोडावंच लागतं, करार झालेला असो वा नसो.

म्हणून गळतीची दुरुस्ती लांबवू नका. घर सोडण्याआधी प्रत्येक खोलीची मोजणी करून सही-शिक्क्याची प्रत घ्या. घरपट्टी, वीजबिल, भाडेपावत्या एकाच नावावर सलग आहेत का बघा. वडिलांच्या पश्चात नाव बदललेलं नसणं हे नेहमीचं दुखणं. करारात नवं घर मिळेपर्यंतचं नुसतं मासिक भाडं नको, दरवर्षीची वाढ आणि काम रखडलं तर काय, हेही हवं. करार नोंदणीकृतच असू द्या.

लिव्ह अँड लायसन्सवर राहणाऱ्याच्या हाती मात्र यातलं काहीच लागत नाही, आणि गाळेवाल्याचं गणित आणखी वेगळं. अमेरिकेतल्याच पिट्सबर्गच्या लोअर हिल वस्तीतून सुमारे ८,००० माणसांबरोबर ४०० च्या वर धंदेही उठले. शिंप्याला नवा गाळा मिळेल हो, पण उधारीवर कपडे शिवून घेणारी गिऱ्हाइकं चार गल्ल्यांत पांगलेली असतात, आणि ती कुठल्याच मोजणीत येत नाहीत.