आंबट आपटा

दसऱ्याला चार दिवस राहिले होते. रोपवाटिकेतून माळीकाकांचा फोन आला, "मॅडम, चारशे आपटे टेम्पोत चढवायचेत, एकदा नजर टाकून जाता का?" मी गेले ती खरं तर चहा प्यायला. ओळख पटवायचा प्रश्नच नव्हता. दीड वर्षापूर्वी बी गोळा केलं तेव्हा काकांनी पाठवलेला फांदीचा फोटो मोबाइलवर पाहून मीच लिहून दिलं होतं: 'आपटा, बाउहिनिया रेसिमोसा.' सहीसकट.

दसऱ्याला आपटा ओरबाडला जातो आणि बाजारात त्याच्या नावावर कांचनाचा पालाही खपतो, म्हणून यंदा शाळांच्या आवारात आपटेच लावायचे असं ठरलं होतं. वनस्पतिशास्त्र शिकवणारी बाई म्हणून मला त्यात घेतलेलं.

पहिल्याच पिशवीपाशी हात अडखळला. आपट्याचं पान लांबीपेक्षा रुंद, जाड, आणि उलटं केलं की बोटाला राखाडी लव लागते. इथे लव नव्हतीच. पान मोठं, खालून गुळगुळीत, मेण फासल्यासारखं निळसर. मधली खाचही उथळ. आपट्याची जवळजवळ अर्ध्यापर्यंत जाते. कांचन म्हणावं तर पान त्याच्यासारखं पातळ नव्हतं. एक शंका आली म्हणून तुकडा तोडून दाताखाली धरला. (हे मी मुलांना कधीच करू देत नाही.) चिंचेच्या कोवळ्या पाल्यासारखं आंबट!

"काका, हे आंबट आहे."

"आहेच की. बी काढताना आम्ही चघळत होतो."

"मग मला बोलला नाहीत?"

"तुम्ही कागद दिला होता ना, मॅडम."

यावर काय बोलणार? टेम्पो थांबवायला सांगितला आणि काकांच्या मोटारसायकलवर मागे बसून बी काढलं त्या झाडापाशी गेले. झाड लांबूनच दिसलं आणि पोटात गोळा आला, कारण ते फुलावर होतं. आपटा फुलतो उन्हाळ्यात, मार्च ते जूनच्या दरम्यान. ऑक्टोबरात बहरलेला आपटा मी पाहिलेला नाही.

एक फूल उकलून भिंगाखाली धरलं. पुंकेसरांच्या जागी नुसती खुंटं. मधोमध बीजकोश आणि त्याच्या डोक्यावर जाड टोपी घातल्यासारखी कुक्षी. वीसेक पावलांवर तसंच दुसरं झाड होतं, त्याच्या फुलांत दहा पुंकेसर ठणठणीत आणि बीजकोश नावापुरता. म्हणजे नर झाड वेगळं, मादी झाड वेगळं. आपट्याच्या एकाच फुलात दोन्ही असतात. हे होतं बाउहिनिया मलबारिका. नव्या वर्गीकरणात पिलिओस्टिग्मा मलबारिकम. 'पिलोस' म्हणजे ग्रीकमध्ये लोकरीची टोपी. त्या टोपीवरूनच प्रजातीला नाव मिळालंय आणि मी शहाणी फोटोतल्या पानावर सही करून मोकळी झाले होते.

पानानंच फसवलं, आणि बाउहिनिया ही प्रजात ओळखली जाते ती पानावरूनच. पानाच्या दोन जुळ्या पाळ्या पाहून प्लुमिए या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञाला योहान आणि कास्पार हे बाउहिन बंधू आठवले, दोघेही वनस्पतिशास्त्रज्ञ. लिनियसनं ते नाव उचलून धरलं. पुढे उष्ण कटिबंधात जिथे जिथे जुळ्या पाळ्यांचं पान दिसलं ते ते बहुधा बाउहिनियात जमा होत गेलं: कांचन, आपटा, इतकंच काय, पत्रावळीला वापरतात ती चांबोळीची अजस्र वेलसुद्धा. तीनशेच्या वर जाती. डीएनए तपासल्यावर कळलं की हा सगळा गोतावळा एका घरचा नाही. चांबोळीसारख्या वेलींना आता फानेरा म्हणतात. पिलिओस्टिग्मा वेगळी मानावी का, यावर अजून वाद आहेत. खुद्द आपट्यालाही बेंथॅम या इंग्रज वनस्पतिशास्त्रज्ञानं पिलिओस्टिग्मात टाकलं होतं. आमच्या कॉलेजात आपट्याचं एक जुनं हर्बेरियम शीट (वाळवलेली फांदी चिकटवलेला कागद) आहे, त्यावर एकाखाली एक तीन चिठ्ठ्या आहेत: बाउहिनिया, मग पिलिओस्टिग्मा, मग पुन्हा बाउहिनिया. वर्गात ते दाखवून मी हमखास हशा मिळवत आले.

परत येऊन त्याच लेटरहेडवर दुरुस्तीचं पत्र लिहिलं. लागवडीचं काम पाहणाऱ्या साहेबांनी पत्र वाचलं, एक पान हातात घेऊन उलटसुलट पाहिलं. "दोन पाळ्या आहेत ना? मग पोरांना काय कळणार?" मी म्हटलं, पोरांना नाही कळणार, पण पुढच्या वर्षी कोणीतरी याच झाडांचं बी आपटा म्हणून गोळा करेल आणि त्याला माझी सही दाखवेल. झाड सह्याद्रीतलंच आहे, खुशाल लावा, फक्त नाव बदला. बऱ्याच वेळानं ते 'बरं' म्हणाले.

पाटी मात्र रंगवून झाली होती. पांढऱ्यावर हिरव्या अक्षरांत भलंमोठं 'आपटा'. पेंटर ब्रश धुऊन निघायच्या बेतात होता. "मॅडम, सगळं खोडायचं म्हणजे परत पांढरा मारायचा, तो सुकणार कधी?" मी पिलिओस्टिग्मा कसं लिहायचं ते कागदावर काढून दाखवायला लागले, तर माळीकाका मधेच म्हणाले, "अरे, आधी नुसतं 'आंबट' टाक."

डाव्या कडेला चार बोटं जागा होती. त्यानं 'आंबट' तिथे बारीक अक्षरांत, जरा तिरकं बसवलं. लॅटिन नावाला खाली जागा उरली होती, पण 'पिलिओस्टिग्मा'तला 'ग्मा' त्याला शेवटपर्यंत जमला नाही.