रानकथा आणि लाल पेन

नाशिकच्या अंबडला नोकरीला होतो तेव्हा कंपनीत श्रीलंकेचा एक जण ट्रेनिंगला आला होता. टपरीवर चहा पिताना पोरांच्या गप्पा कुठे घसरतात ते सांगायला नको, तर त्याने सांगितलं की आमच्याकडे असल्या चावट गोष्टींना 'वल कता' म्हणतात. कता म्हणजे आपली कथाच. वल म्हणजे रानटी, रानडुकराला ते 'वल ऊरा' म्हणतात. रानकथा! शब्दच आवडला मला, आपलं 'पिवळं पुस्तक' त्याच्यापुढे कावीळ झाल्यासारखं वाटतं.

बाकी सगळं सेम. लेखकाचं नाव एकतर नाहीच नाहीतर खोटं, आता सगळं पीडीएफमधून फिरतं. तो म्हणाला इंग्लिशमधलं वाचताना काही वाटत नाही पण सिंहलीत वाचताना कान गरम होतात. अगदी पटलं, मराठीत तोच शब्द आला की आई शेजारच्या खोलीत आहे असंच वाटतं.

त्यांचा अश्लील प्रकाशनांचा कायदा १९२७ चा, इंग्रजांच्या काळातला. त्याच वर्षी इकडे र. धों. कर्व्यांनी 'समाजस्वास्थ्य' मासिक सुरू केलं, लैंगिक प्रश्नांवर स्वतःच्या नावानिशी लिहायचे म्हणून त्यांना कोर्टात खेचलं, १९३४ च्या खटल्यात वकील खुद्द बाबासाहेब होते तरी हरले. आणि तिकडे २०१९ मध्ये शक्तिक सत्कुमार या लेखकाला एका कथेपायी चार महिने आत ठेवलं. ती काही वल कता नव्हती हो, बौद्ध भिक्खूंमधल्या समलैंगिक संबंधांचा इशारा होता इतकंच. म्हणजे नाव टाकून लिहिलं की पोलीस दारात, निनावी लिहा आणि खुशाल हजारोंनी वाचा.

कॉलेजला असताना सीबीएस बसस्टँडजवळ एक पुस्तकवाला होता, वीस रुपये ठेवायचे, पुस्तक परत दिलं की पंधरा परत. आत डोकावता येऊ नये म्हणून तिन्ही बाजूंनी पिना मारलेल्या. एकदा जे हातात आलं त्यात कुणीतरी लाल पेनने शुद्धलेखन तपासलं होतं, ऱ्हस्वाचं दीर्घ, 'आणी' चं 'आणि', सगळ्या ९६ पानांवर! ऐन रंगात आलेल्या प्रसंगात सुद्धा अनुस्वार सुटला नव्हता. आमच्या ग्रुपमध्ये पुढे वर्षभर एकच चर्चा, हे आपल्या शाळेतले कोणते सर?