आमची वाटचाल : पिल्लू विकल्यानंतरचं काम

मल्हारपेठेत आमचं कोंबडीच्या पिल्लांचं युनिट सुरू झालं तेव्हा धंदा सरळ होता. हॅचरीतून गिरिराज, वनराज, आरआयआर (ऱ्होड आयलंड रेड) या जातींची एक दिवसाची पिल्लं आणायची, ब्रूडरमध्ये म्हणजे ऊब देणाऱ्या खोलीत महिनाभर वाढवायची आणि पाटण खोऱ्यातल्या वाड्यावस्त्यांवर पाच-पाच, दहा-दहा अशी विकायची. गिऱ्हाईक बहुतेक बायकाच. पिल्लं घरी गेली की फोन सुरू. "दादा, कोंबडी मान टाकाय लागलीया." "तुऱ्यावर फोड आल्यात, काय लावू?" पिल्लू आपल्याकडून गेलंय, तर फोन उचलायचाच, असं सौ.नं ठरवलं. आमचा धंदा वाढला तो या फोनांवर.

सगळ्यात वाईट फोन मानमोडीचा. मान पिळवटते, हिरवट हगवण लागते, आणि बघता बघता अख्खं खुराडं रिकामं होतं. हा राणीखेत, विषाणूचा आजार. लागण झाल्यावर त्यावर औषध नाही, आधी दिलेली लसच उपयोगी पडते. लस महागही नाही. पण लहानात लहान कुपी साधारण शंभर पक्ष्यांची येते, आणि एकदा कालवली की तास-दोन तासांत संपवावी लागते. दहा कोंबड्या पाळणारी मावशी ती कशाला आणेल? मोठ्या पोल्ट्रीवाल्याला सहज मिळणारी गोष्ट परसातल्या कोंबडीपर्यंत पोचत नव्हती, ती एवढ्याचमुळे.

म्हणून आम्ही वाडीवार लसीकरण सुरू केलं. पिल्लांना राणीखेतची लासोटा ही लस आमच्याकडेच होते, पहिल्या आठवड्यात आणि पुन्हा चौथ्यात. आठव्या आठवड्यात त्याच आजाराच्या आर-टू-बी या लसीचं इंजेक्शन द्यायला आम्ही वाडीवर जातो. लस बर्फाच्या थर्मासमध्ये, आणि वेळ भल्या पहाटेची, खुराडी उघडायच्या आत. एकदा कोंबड्या मोकळ्या सुटल्या की धरायला सगळी वाडी पळते! त्या दिवशी शेजारपाजारच्या, आमच्याकडून न नेलेल्या कोंबड्यांनाही लस देतो. आजार काही पिल्लं कुणाकडून घेतली ते विचारत नाही.

जखमांचं मात्र घरच्या घरी होतं. तारळे खोऱ्यातल्या एका आजींची तलंग, म्हणजे अजून अंड्यावर न आलेली कोंबडी, मुंगसानं धरली होती. पाठीची कातडी चिमटीएवढी उलटलेली, पिसं रक्तानं चिकटलेली. सौ.नं उकळून गार केलेल्या पाण्यात मीठ घालून जखम धुतली, भोवतीची पिसं कात्रीनं कापली, पोव्हिडोन आयोडीन हे जंतुनाशक लावलं आणि तलंग डालग्याखाली वेगळी ठेवायला सांगितली. वेगळी ठेवणं सगळ्यात महत्त्वाचं, कारण लाल दिसलं की बाकीच्या कोंबड्या तिथंच टोचतात. माशी बसून अळ्या पडू नयेत म्हणून रोज पिसं बाजूला करून बघायचं. तलंग बरी झाली, पुढं अंड्यावरही आली.

पावसाळ्यात आम्ही खुराड्यात अंथरलेलं तूस हात घालून बघायला सांगतो. ओलं तूस म्हणजे तीन-चार आठवड्यांच्या पिल्लांना रक्ती हगवण ठरलेली. त्यावर अँप्रोलियम हे औषध पाण्यातून चालतं, पण मात्रा डॉक्टरांनीच सांगायची. लंगडणारी कोंबडी दिसली तर तळपाय उलटा करून बघा. काळी घट्ट खपली असेल तर उंच दांडीवरून उडी मारून किंवा काहीतरी टोचून गळू झालंय. आणि गळ्याखालची पिशवी सकाळी दाणा टाकायच्या आधी चाचपा. ती रिकामी लागायला हवी. रात्र सरूनही घट्ट भरलेली असेल तर चारा अडकलाय.

अँटिबायोटिक आम्ही विकत नाही. शिरवळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयातून शिकलेले एक डॉक्टर आमच्यासोबत आहेत, फोन त्यांना जोडून देतो. एकाएकी बऱ्याच कोंबड्या मेल्या तर मात्र चिरायच्या नाहीत, शिजवायच्या नाहीत, ओढ्यात टाकायच्या नाहीत. आधी सरकारी पशुवैद्यकीय दवाखान्यात कळवायचं. 2006 साली नवापूरला बर्ड फ्लू आला, तेव्हापासून हा नियम आपल्या राज्यात प्रत्येक कोंबडीवाल्यानं पाळायलाच हवा.

यंदा पावसाआधी कोंबड्यांच्या देवीच्या, म्हणजे तुऱ्यावर फोड येणाऱ्या आजाराच्या, लसीची फेरी धरली आहे. हा आजार डास पसरवतात, आणि ही लस पंखाच्या पडद्याला सुईनं टोचायची असते. वाडीतली चार-पाच घरं एकत्र आली की फोन करा, आम्ही येतो.